काशीबाईची फळी

१

गुरुवारी सकाळी वेदिकाचा फोन आला तेव्हा मी घरातल्या समया, निरांजनं आणि पणत्या खाली काढून चिंचेने घासत बसले होते. दीप अमावास्या होती. हात काळे झालेले, फोन ओट्यावर, आणि आमचे हे पेपरातून मान वर काढतील तर शपथ. चौथ्यांदा वाजला तेव्हा मी तो कोपराने सरकवून घेतला.

"मावशी, फळी गेली," एवढं बोलून ती रडायला लागली.

वेदिका माझ्या बहिणीची मुलगी. माद्रिदला कलेचा इतिहास शिकायला गेली आणि तिथल्या जुन्या कागदांत तिला नाशिकचा पत्ता घातलेलं एक पत्र सापडलं. लिहिणारी कासिल्दा मोंताल्त. १९३०च्या सुमारास माद्रिदमधल्या बंडखोर चित्रकारांच्या टोळीत ही बाई लाकडावर चित्रं कोरायची. टोळीतल्या पुरुषांची नावं आज तिथल्या रस्त्यांना आहेत. हिचं नाव कुणाच्या ओठांवरसुद्धा नाही. यादवी युद्धात तिची खोली जळली, काम जळलं, आणि ती देश सोडून मुंबईला उतरली. छाती अधू होती म्हणून कुणा डॉक्टरने तिला नाशिकच्या कोरड्या हवेत धाडलं. एकलहऱ्याच्या रस्त्याला मोतीराम मौले नावाच्या फुलमाळ्याच्या मळ्यात ती खोली घेऊन राहिली आणि १९६१ला तिथेच वारली. माळ्यांनी कासिल्दाची काशीबाई केली होती. गेली पाच वर्षं आमच्याकडे बारसं असो की तेरावं, काशीबाईशिवाय दुसरा विषय नव्हता.

तिचं जगात उरलेलं ज्ञात काम मोजून दोन. एक म्हणजे १९३३च्या एका छोट्या मासिकात बांधलेला मूळ छाप, खाली मासिकाने तिचं नाव छापलेला. दुसरी ही फळी, मौल्यांच्या घरी गेल्या वर्षी सापडलेली, दीड फूट बाय एक फूट, सागवानी, कोरीव. माद्रिदमध्ये पुढच्या वर्षी त्या टोळीचं मोठं प्रदर्शन होतं. त्याचं काम बघणाऱ्या डॉ. पिलार शुक्रवारी दुपारी चारला नाशिक रोडला पोचणार होत्या. फळी बघून त्यांची खात्री पटली तर कासिल्दाचं नाव यादीत. नाही पटली तर यादी रविवारी बंद, आणि बाई पुन्हा मातीखाली.

आणि आता फळीच नव्हती.

तुम्ही विचाराल, यात माझं काय काम? मी बत्तीस वर्षं इथल्या प्रेसमध्ये छापलेले कागद तपासले. रेघ हलली, शाई सांडली, कोपऱ्यात कुणाचा अंगठा उमटला, की कागद बाद. त्या सवयीने डोळे बिघडले आणि स्वभावही. माणसंसुद्धा मी तीनच गठ्ठ्यांत टाकते: पास, बाद आणि फेरतपासणी. पोलिसांत जायला वेदिका तयार नव्हती. बातमी फुटली तर पिलारबाई मुंबईहूनच परत फिरतील, असं तिचं म्हणणं.

वेदिकाने वाचनालयाच्या हॉलमध्ये काशीबाईचं छोटं प्रदर्शन मांडायला घेतलं होतं. मी पोचले तेव्हा ती तिथे काचेच्या पेटीसमोर जमिनीवर बसली होती. पेटीवरचं कापड बाजूला पडलं होतं. फळी ठेवली होती त्या मखमलीवर मधोमध एक सुपारी होती, आणि तिच्याभोवती हळदकुंकवात भिजवलेले तांदळाचे सात-आठ दाणे.

२

सुपारी बघून पहिला घाबरला तो प्राध्यापक हर्षल. हा चित्रकला शिकवतो आणि भारतात जन्मलेल्या कुणालाही काही नवं सापडलेलं त्याला खपत नाही. करणी असेल, कुणी हात लावू नका, असं तो दाराबाहेरूनच सांगत होता. पीएच.डी. झालेला माणूस. मी सुपारी उचलून नाकाशी नेली तेव्हा तो दोन पावलं मागे सरकला.

त्याची उलटतपासणी घ्यायला कष्ट पडले नाहीत, कारण तो स्वतःच बोलत सुटला. फळी खोटी आहे असं त्याचं पहिल्यापासूनचं मत. मुंबईच्या प्रयोगशाळेने गेल्या वर्षी सांगितलं होतं, लाकडावर काजळी आणि जवसाच्या तेलाचे कितीतरी थर आहेत आणि सगळ्यात वरचा थर जेमतेम वर्षभराचा आहे. एकसष्ट साली मेलेली बाई गेल्या वर्षी शाई लावायला आली होती का, असं त्याने पिलारबाईंना ईमेलने विचारलंही होतं. वेदिकाने त्यावर नाशिकच्या हवेत तेल ताजं राहतं असं उत्तर दिलं होतं. दोन शिकलेली माणसं, दोन उत्तरं. दोन्ही माझ्या मते फेरतपासणीला.

"मग चोरून तुला काय मिळणार होतं?" मी त्याला विचारलं.

"काकू, मला ती पिलारबाईंसमोर खोटी ठरवायची होती. चोरीला गेलेली वस्तू खोटी कशी ठरवू?"

हे मात्र पास. मत्सरी माणूस क्वचित खरं बोलतो, पण बोलला की चोख बोलतो.

दुसरा योगेश, फ्रेमवाला. पेटी त्याने केली होती आणि झाकणाचे चार स्क्रू लावायचे राहिले होते. बुधवारी आणतो म्हणाला, मग गुरुवारी आणतो म्हणाला. म्हणजे पाच वर्षांचं संशोधन एका नुसत्या टेकवलेल्या काचेखाली रात्रभर पडलं होतं. मी त्याला झापलं तर म्हणतो, मॅडम, आजकाल माल वेळेवर येत नाही. चार स्क्रूंचा माल. त्याच्यावर संशयाला जागा होती, कारण फळी आठवडाभर त्याच्या दुकानात होती आणि तिचे छाप काढून विकू का, असं त्याने वेदिकाला दोनदा विचारलं होतं. पण ज्याच्याकडे ती आठवडाभर होती त्याने ती तेव्हाच छापली असती. शिवाय हा गृहस्थ चोरीसुद्धा उद्या करतो म्हणाला असता.

शिपाई सावळीरामकडे वही होती. बुधवारी हॉलमध्ये कोण कधी आलं, कधी गेलं, सगळं त्यात. योगेश चार ते पाच. हर्षल साडेपाच ते सहा. मग सहा वाजून दहा मिनिटांनी 'फुलं, साळूबाई मौले, एक पाटी', गेल्या पावणेसातला. वेदिका त्या वेळी पत्रिका आणायला गेली होती. सातला सावळीरामने कुलूप लावलं. पेटीवर कापड होतं, त्यामुळे आत फळी आहे की नाही हे कुणी बघितलं नाही.

सावळीराम बोलताना कंबर धरून उभा होता. काय झालं विचारलं तर म्हणाला, काय नाय, काल म्हातारीची रिकामी पाटी उचलून रिक्षात ठेवली तेव्हा चमक भरली. वय झालं आता.

मी हॉलच्या दाराकडे बघितलं. झेंडूचं तोरण. एका रात्रीत फुलं मलूल झाली होती, कडा तपकिरी.

"वेदिका, कार्यक्रम कधी आहे?"

"शनिवारी. सांगितलं ना मावशी तुला."

मी नाशिकच्या फुलबाजारात चाळीस वर्षं फुलं घेतेय. शनिवारच्या कार्यक्रमाची फुलं बुधवारी आणून बांधणारी माळीण मी आजवर बघितली नाही.

३

मौल्यांचं घर स्लॅबचं, पुढे रोपवाटिका, हिरव्या जाळीखाली गुलाबाच्या कलमांच्या रांगा. बाहेर रिपरिप चालू होती. नातू अमोल आम्हाला बघताच हात पुसत आला आणि त्याने सुरुवातच केली, की फळी त्याने विश्वासाने दिली, आता माद्रिदवाल्यांना काय तोंड दाखवायचं. वेदिका माझ्या कानात म्हणाली की हाच मागे तिला फळी विकत घेणार का म्हणून विचारत होता. मी म्हटलं, विचारू दे, विकायचं असतं तर दिली कशाला असती फुकट?

अमोलचा दोष वेगळाच होता. फळी देताना घरात कुणाला विचारलं होतंस का, असं मी विचारलं, तर त्याने माझ्याकडे असं बघितलं जणू मी कलमांना विचारलंस का म्हटलं. माळ्यावर पडलेली फळी, तीत विचारायचं काय? आजी काहीतरी बोलत होती आषाढात, पण तिचं रोजच काही ना काही असतं. त्याला मी तिथल्या तिथे बाद केलं.

आजी म्हणजे साळूबाई. वय ऐंशीच्या घरात, ओसरीवर बसून शेवंतीचा हार ओवत होती, सुई अशी चालत होती की बघणाऱ्याचं बोट टोचावं. मोतीरामची सून. लग्न होऊन आली तेव्हा काशीबाई हयात होती. जिवंत माणसांत तिला बघितलेली आता ही एकटीच. वेदिकाने हिची चार तासांची मुलाखत घेतली होती. गाडीत येताना मी ती कागदावर उतरवलेली वाचली. कासिल्दाच्या राजकारणाबद्दल एकवीस प्रश्न. आणि साळूबाई 'श्रावण लागला की ती' असं बोलायला लागली तिथे वेदिकाने कंसात लिहिलं होतं: विषयांतर, वगळले. मी डोक्याला हात लावला होता.

फळी हरवल्याचं सांगितल्यावर म्हातारीने सुई थांबवली नाही. तिने एवढंच विचारलं, की पोलीस बोलावले का. नाही म्हटल्यावर पुढचं फूल घेतलं.

अमोलची बायको छाया पाणी घेऊन आली. सातवा महिना, पावलं जपून टाकत होती. वेदिकाने मला हळूच सांगितलं, की गेल्या कार्तिकात हिचं एक बाळ गेलं, म्हणून सगळे जपतात. छायाच्या मागे स्वयंपाकघराचं दार होतं आणि ते लोटलेलं होतं. भर दिवसा, गॅसवर कुकर चालू असताना, वाफ कोंडून घेऊन कोण स्वयंपाक करतं? दाराच्या फटीतून वास येत होता. जवसाच्या तेलाचा, आणि त्याखाली काजळ धरल्याचा. पितळी ताट दिव्यावर उपडं धरून काजळी जमवतात, तो वास एकदा घेतला की विसरत नाही. मला वाटलं, छाया होणाऱ्या बाळासाठी काजळ करतेय. एवढ्या आधी करत नाहीत, पण अशा घरात घाई समजू शकते.

पाणी प्यायला आत जाऊ का म्हटलं, तर साळूबाईने पहिल्यांदा मान वर केली.

"आज नाय. उद्या या. उद्या सवाष्ण पायजेच हाय मला. तुमी या, ताई, जेवाया."

चोर सहसा तपासणाऱ्याला जेवायला बोलावत नाही. आणि बोलावलंच, तर वार ठरवून बोलावत नाही.

४

परतताना वेदिका गाडीत एकसारखी बोलत होती. हर्षलनेच केलं असणार, माणूस पाठवून, सुपारी ठेवून लोकांना घाबरवायला. पण सुपारी मला घाबरवणारी वाटत नव्हती. मला ती ओळखीची वाटत होती, आणि कुठून ओळखीची ते आठवत नव्हतं. तपासनिसाला याहून मोठा वैताग नाही.

घरी आले तर धुतलेले दिवे पाटावर वाळत होते आणि त्यांना वात लावायचीसुद्धा कुणाला सुचली नव्हती. आमच्या ह्यांनी मात्र एक काम केलं होतं. बाजारातून जिवतीचा कागद आणला होता, उद्या श्रावणाचा पहिला दिवस आणि यंदा तोच शुक्रवार, म्हणून. माझ्या सासूबाईंपासून चालत आलंय. मुलांच्या आयुष्यासाठी श्रावणातल्या शुक्रवारी जिवतीची पूजा. माझा मुलगा बंगळुरूला, सून यूट्यूबवर बघून पुरण करते, पण कागद मी दरवर्षी भिंतीला चिकटवते.

ह्यांनी तो कागद कशावर ठेवावा, तर वेदिकाच्या प्रदर्शनाच्या पुस्तिकेवर. पाणी सांडलेल्या ओट्यावर. मी चिडून दोन्ही उचललं आणि पुस्तिका पुसताना तिच्या मधल्या पानावरचा फळीचा फोटो उघडा पडला.

फोटो मी आधीही बघितला होता. आडवा. वेदिकाने चित्राला नाव दिलं होतं 'पलायन', आणि खाली लिहिलं होतं: 'बॉम्बहल्ल्यातून मुलांना घेऊन हवेत फेकल्या गेलेल्या दोन स्त्रिया, डावीकडे हुकूमशाहीचा सिंह आणि विळखा घालणारा सर्प, उजवीकडे हत्ती आणि वाघ, म्हणजे निर्वासिताला दिसलेला भारत.' सगळं कोनांत फोडलेलं, त्रिकोणी नाकं, चौकोनी पोटं. तीन प्राध्यापकांनी ते वाचून मान डोलावली होती. हर्षलनेही, खोटं का होईना.

पुस्तिकेचं पान ओलं होतं म्हणून मी ते वाळवायला भिंतीशी टेकवून ठेवलं. उभं.

हवेत फेकलेल्या बायका खाली येऊन बसल्या. त्यांच्या मांडीवर मुलं, मध्ये पाळणा. वर सिंह, पण सिंहाला माणसाचं धड, आणि मांडीवर कुणीतरी आडवं. त्याच्या शेजारी सापाच्या फण्यावर नाचणारं पोर. खाली एक हत्तीवर बसलेला, एक वाघावर, हातात चाबूक. मी ह्यांनी आणलेला कागद त्याच्या शेजारी धरला. वर नरसिंह आणि कालियावरचा कृष्ण, मध्ये जरा-जिवंतिका, खाली हत्तीवर बुध आणि वाघावर बृहस्पती. डावं-उजवं तेवढं उलट, कारण ठसा नेहमी उलटाच कोरतात. प्रेसमध्ये शिपायालाही माहीत असतं.

पाच वर्षांचं संशोधन, दोन देश, तीन प्राध्यापक. आणि घरोघरच्या भिंतीवरची जिवती कुणाला ओळखू आली नाही, कारण तिला आडवं झोपवलं होतं.

मी दिव्यांना वाती लावल्या. मग वेदिकाला फोन केला आणि सांगितलं, की उद्या पिलारबाईंना हॉलवर नेऊ नकोस. थेट मौल्यांच्या स्वयंपाकघरात आण. हर्षललाही आण. आणि त्या मासिकातल्या छापाचा मूळ फोटो आण, कोपऱ्यात डाग आहे म्हणाली होतीस त्याच्यासकट, पोस्टरवर साफसूफ करून टाकलायस तो नको.

"मावशी, फळी सापडली का?"

"ती हरवलीच नव्हती," मी म्हटलं. "पण तिच्याबरोबर आणखी काय गेलं होतं, ते उद्या कळेल."

५

डॉ. पिलार साठीच्या, उंच, पांढरे केस बारीक कापलेले. साडेचारला गाडीतून उतरल्या त्याच वैतागलेल्या. त्यांना प्रदर्शन बघायचं होतं, जेवायचं नव्हतं. वेदिका त्यांना स्पॅनिशमध्ये काय सांगत होती देव जाणे, तिचा चेहरा ओल्या पोह्यासारखा झाला होता. हर्षल मागून दाराशी उभा राहिला.

मी साळूबाईच्या शेजारी पाटावर बसले आणि आधी हिशोब मांडला, वेदिकाला वाक्यावाक्याने भाषांतर करायला सांगून. बुधवारची फुलं शनिवारसाठी नव्हती, आत शिरायला होती. रिकाम्या पाटीने शिपायाच्या कमरेत चमक भरते तेव्हा पाटी रिकामी नसते. आणि चोर जागा मोकळी ठेवून जातो. देव उचलला की त्याच्या जागी सुपारी आणि अक्षता ठेवणारं माणूस तो देव परत आणून ठेवणार असतं. माझी सासू देवघर पुसताना दर वेळी हेच करायची. घरात रोज बघितलेली गोष्ट मला आठवायला अख्खा दिवस लागला, म्हणून हर्षलला जास्त हसत नाही.

साळूबाईने नाकारलं नाही. फक्त चोरी म्हणू नका म्हणाली.

"दोनदा मागितली म्या. ह्याला आषाढात सांगितलं," ती अमोलकडे बघत म्हणाली, "तर म्हणतो कार्यक्रम झाल्यावर. ह्या पोरीला सांगितलं, दोन दिस दे, श्रावण हाय. हो हो आजी, म्हणाली आन फोनवर बोलाया लागली. मंग काय करू?"

वेदिकाने हे भाषांतर केलं नाही. मी कोपराने ढोसल्यावर केलं.

मग बाकीचं तिने सांगितलं, हार ओवावा तसं. महायुद्धात कागद मिळेनासा झाला तेव्हा एका श्रावणात बाजारात जिवतीच आली नाही. तिची सासू रंगूबाई, जिची चार लेकरं आधीच गेली होती, चुलीपुढे बसून रडत होती. काशीबाई मॅडमने भिंतीवरचा झुरळांनी खाल्लेला जुना कागद बघितला, आठ दिवस खोलीचं दार लावून घेतलं आणि ही फळी कोरून आणली. काजळ आणि जवसाचं तेल लावून, वाटीच्या बुडाने घासून कागदावर कसं उठवायचं तेही शिकवलं. पुढच्या साली रंगूबाईला मुलगा झाला आणि तो जगला. तो साळूबाईचा नवरा. तेव्हापासून दरवर्षी दीप अमावास्येला घरातल्या बाया फळी काढतात, एक छाप उठवतात, फळी परत माळ्यावर. पुरुषांना वाटतं, कागद बाजारातून येतो. अमोल तोंड उघडं ठेवून ऐकत होता. पस्तीस वर्षं तो त्या चित्राखाली जेवला होता.

फक्त गेल्या वर्षी फळी मुंबईला तपासायला गेलेली. बाजारचा कागद लावला. आणि कार्तिकात छायाचं बाळ गेलं.

छाया भिंतीला टेकून उभी होती. डॉक्टरांनी कारण वेगळं सांगितलेलं, हे तिलाही ठाऊक होतं. पण साळूबाईला जिवती वेळेत पाहिजे होती, बस.

हर्षल दारातून म्हणाला, "म्हणजे वरचा थर ताजा, हे माझं बरोबर होतं."

"थर बरोबर," मी म्हटलं. "अक्कल बाद."

पिलारबाई मात्र हसल्या नाहीत. त्यांचा मुद्दा साधा होता. गोष्ट सुंदर आहे, पण म्हातारीची आठवण म्हणजे पुरावा नव्हे. फळीवर सही नाही. हे कासिल्दाने कोरलं की त्या काळी मळ्यात राहणाऱ्या आणखी कुणी, कसं सांगणार?

वेदिकाचे डोळे भरले. मी याचीच वाट बघत होते. आत आल्याआल्या देवाच्या कपाटाच्या दाराकडे माझं लक्ष गेलं होतं.

मी साळूबाईला म्हटलं, एक छाप आमच्यासमोर काढा. म्हातारी उठली, फळी आडोशातून काढली, उभी ठेवली, काजळीत भिजवलेला बोळा फिरवला, कागद टाकला आणि पितळी वाटी उपडी धरून घासू लागली. हात ठरलेला, वरून खाली, मग कोपऱ्यातून मध्यावर. कागद उचलला. मग तिने डाव्या हाताचा अंगठा काजळीत बुडवला आणि छापाच्या खालच्या कोपऱ्यात दाबला.

पिलारबाई पाटावरून उठल्या.

"हे का केलंत?" मी विचारलं.

"काशीबाई करायची. सासू करायची. म्या करते."

"काशीबाईच्या अंगठ्याची काही खूण आठवते?"

"वण होता ना. आडवा कापलेला, हत्यार लागून. मंग काजळ तिथं लागायचं नाय, पांढरी रेघ राहायची."

वेदिकाने पिशवीतून फोटो बाहेर काढला. १९३३चा छाप, मूळचा. खालच्या कोपऱ्यात काळा डाग, पोस्टरवर तिने कॉम्प्युटरने पुसलेला, छापखान्यातल्या कुणाचा निष्काळजीपणा समजून. मी बत्तीस वर्षं जे कागद बाद केले, नेमका तसला. माझं भिंग पर्समध्ये होतंच. डाग म्हणजे अंगठा, आणि अंगठ्यातून आडवी पांढरी रेघ.

"हा फोटो साळूबाईंनी कधी बघितलेला नाही," मी म्हटलं. "पोस्टरवर तर ही रेघ नव्हतीच. आता दार बघा."

देवाच्या कपाटाच्या दारावर जिवतीचे कागद चिकटवलेले होते, दरवर्षीचा नवा गेल्या वर्षीच्यावर. ऐंशी थर, जाडजूड, भाकरीएवढे. घर नवं बांधताना मोतीरामच्या मुलाने दार तसंच काढून बसवलेलं. सगळ्यात खालचा कागद चित्रकलेचा, बाकीच्यांपेक्षा मोठा, म्हणून त्याचा एक कोपरा बाहेर राहिला होता. पिवळा, तेलकट. त्यावर एक अंगठा, मधून तीच पांढरी रेघ. मी भिंग पिलारबाईंच्या हातात दिलं. त्या गुडघ्यावर बसल्या, फोटो शेजारी धरला, आणि इतका वेळ बघत राहिल्या की छायाला गॅस बारीक करावा लागला.

मग त्या वेदिकाशी हळू आवाजात बोलल्या. माद्रिदच्या संग्रहालयात एका खणात तीन छाप आहेत, कलावंत अज्ञात, 'डागाळलेले' अशी नोंद, खालच्या कोपऱ्यात काळा अंगठा. नव्वद वर्षं तिथे पडून आहेत. त्या काळी मजूर बाया पगारपत्रकावर अंगठा उठवायच्या, आणि टोळीतली एक जण आपल्या चित्रांवर सही करायची नाही, तसाच अंगठा उठवायची, असं एका जुन्या पत्रात त्यांनी वाचलं होतं. कोण ती, ते पत्रात नव्हतं. आता दोनाची पाच चित्रं झाली होती, आणि यादीत एक नाव.

वेदिका रडत होती, पण हे रडणं पास. तिने दारावरचे कागद सोडवून खालचा पूर्ण छाप काढता येईल का, असं विचारलं. साळूबाई म्हणाली, छायाचं बाळंतपण होईस्तोवर त्याला कुणी हात लावायचा नाय. आणि फळी न्यायची तर न्या, पण दर दीप अमावास्येला घरी पायजे. पिलारबाईंनी हे शब्दशः वहीत लिहून घेतलं. ही अट माद्रिदच्या कुठल्या फॉर्मात बसते, हे वेदिकाने बघून घ्यावं. मी निवृत्त आहे.

पुरणाची आरती झाली. साळूबाईने छायाच्या पोटावर अक्षता टाकल्या, मग चार दिशांना, बाहेरगावच्या लेकरांसाठी. पिलारबाईंनी अंगठ्याचा अर्थ तिला सांगायला लावला, वेदिकाकडून, सगळा, मजूर बायांसकट. म्हातारीने शेवटपर्यंत ऐकून घेतलं. काजळीने काळा झालेला आपला अंगठा तिने पदराला पुसला, आणि पुसता पुसता थांबली.

"आसं होय," ती म्हणाली. "मला वाटलं, तिलाबी माझ्यावाणी लिवता येत नसंल. म्हणून मंग मला तिच्यापुढं कधी लाज वाटली नाय."